नवसागर ते पालाश

मराठीतली रसायनांची जुनी नावे प्रयोगशाळेत घडली नाहीत. ती काष्ठौषधींच्या दुकानात रुळली. सोनाराला डाग देताना लागणारा टाकणखार, रंगाऱ्याची तुरटी आणि हिराकस, कासाराकडचे कथील ही सगळी कामाच्या माणसांची नावे आहेत. त्यांतली काही संस्कृत रसग्रंथांतून आली. टंकणाचा टाकणखार झाला, कासीसाचे हिराकस झाले. मोराच्या गळ्याच्या रंगाच्या मयूरतुत्थाचे मोरचूद झाले. काही नावे फारसीतून आली. नौशादराचा मराठी तोंडात नवसागर झाला. या पांढऱ्या खाराचा समुद्राशी काडीचा संबंध नाही.

कल्हई या शब्दाची वाट आणखी लांबची आहे. मलाया द्वीपकल्पाकडून येणाऱ्या कथलाला अरबांनी तिकडच्या ‘कलह’ या बंदरावरून नाव दिले, असे सामान्यतः मानले जाते. मराठीने धातूला कथील म्हटले आणि त्याच्या लेपाला कल्हई. तापवलेल्या भांड्यात नवसागराची पूड टाकली की त्यातून अमोनिया आणि हायड्रोजन क्लोराइड हे वायू सुटतात. पांढरा धूर होतो. हायड्रोजन क्लोराइडमुळे तांब्या-पितळेवरचा ऑक्साइडचा थर निघून जातो आणि वितळलेले कथील उघड्या धातूला घट्ट धरते. कल्हई उडालेल्या भांड्यात आंबट पदार्थ कळकतो. स्वयंपाकघराने या अनुभवासाठी वेगळे क्रियापदच करून ठेवले.

मोरचुदाचे नशीब अधिक बलवत्तर निघाले. फ्रान्समध्ये 1885 साली मिलार्दे यांनी द्राक्षांवरच्या केवड्यासाठी मोरचूद आणि चुन्याचे मिश्रण पुढे आणले. तेच ‘बोर्डो’ नाशिक-सांगलीच्या बागांत आजही फवारले जाते. एक टक्का मिश्रणाला 100 लिटर पाण्यात एक किलो मोरचूद आणि एक किलो कळीचा चुना लागतो. मिश्रणात बुडवलेल्या लोखंडी सळीवर तांबूस थर चढला, तर चुना कमी पडला असे समजायचे.

एकोणिसाव्या शतकात रसायनशास्त्र शाळेत शिरले आणि अडचण उभी राहिली. ज्या वायूंना कोणी हात लावला नव्हता त्यांना बाजाराने नाव दिलेलेच नव्हते. मग प्राणवायू, उज्जवायू, नत्रवायू, कर्ब असे शब्द घडवले गेले. सयाजीराव गायकवाडांच्या बडोद्यात 1890 साली कलाभवन निघाले. त्याचे पहिले प्रमुख त्रिभुवनदास गज्जर होते. देशी भाषांतून धंदेशिक्षण द्यायचे तर परिभाषा हवीच, हे तिथे रोजच्या कामातले सत्य होते.

या घडणीतले काही शब्द खरोखर देखणे आहेत. हॅम्बुर्गच्या ब्रांडने 1669 मध्ये मूत्र आटवून मिळवलेला पदार्थ अंधारात चमकला. ग्रीकमधून त्याला ‘प्रकाश वाहणारा’ अशा अर्थाचे फॉस्फरस हे नाव मिळाले. मराठीने स्फुरणावरून स्फुरद केले. पालाश तर त्याहून नेमका आहे. पोटॅश म्हणजे भांड्यात काढलेला राखेचा क्षार. पळसाच्या राखेतून क्षार काढण्याची रीत सुश्रुतसंहितेत आहे, शिवाय ‘पालाश’ कानाला पोटॅशच्या जवळचा वाटतो.

तरी पाठ्यपुस्तकांत हे शब्द टिकले नाहीत. 1961 मध्ये स्थापन झालेल्या केंद्रीय परिभाषा आयोगाने मूलद्रव्यांची आणि संयुगांची आंतरराष्ट्रीय नावे ठेवण्याचे धोरण घेतले. मराठी विश्वकोशही ऑक्सिजन-हायड्रोजनच लिहितो. सूत्रे आणि समीकरणे मांडायची तर ते सोयीचेच होते. कर्ब मात्र आहारशास्त्रात कर्बोदकांच्या रूपाने राहिला.

शेतीत याच्या उलट घडले. माती परीक्षणाच्या अहवालात सामू, क्षारता, सेंद्रिय कर्ब, नत्र, स्फुरद, पालाश अशा नोंदी असतात आणि शेतकरी त्या कोशाविना वाचतो. अर्थ मात्र थोडा सरकला आहे. 10:26:26 या खतातले 26 टक्के स्फुरद म्हणजे मूलद्रव्य नव्हे. ते त्याच्या पेंटॉक्साइडच्या हिशेबाने मोजलेले असते. प्रत्यक्ष फॉस्फरस सुमारे 11 टक्के भरतो. तिसरा आकडाही पोटॅशियमच्या ऑक्साइडचा असतो, म्हणून 26 टक्के पालाशात पोटॅशियम साधारण साडेएकवीस टक्के असते.