साबू

साबू : (२७ जानेवारी १९२४–२ डिसेंबर १९६३). हॉलिवूडमध्ये तारेपद मिळवणारे पहिले भारतीय अभिनेते. ‘साबू दस्तगीर’ या नावानेही परिचित. मात्र दस्तगीर हे मुळात त्यांच्या थोरल्या भावाचे नाव. पडद्यावर आणि जाहिरातींत ‘साबू’ एवढेच नाव पुरत असे.

त्यांचा जन्म म्हैसूर (आताचे मैसूरु) संस्थानातील कारापूर येथे झाला. वडील महाराजांच्या पदरी माहूत होते. आई तान्हेपणीच गेली, वडीलही लहानपणी वारले आणि पोरका मुलगा संस्थानच्या हत्तीखान्यात वाढला. कारापूर कबिनी नदीकाठचे. शेजारच्या काकनकोटेच्या रानात खेड्डा लागे, म्हणजे हाकारे घालून रानहत्तींचा कळप लाकडी कोटात कोंडला जाई. संस्थानात ही पद्धत १८७०च्या दशकात जी. पी. सँडरसन यांनी बसवली आणि पुढे ती व्हाइसरॉयसारख्या पाहुण्यांना दाखवण्याचा राजेशाही सोहळाच होऊन बसली. दसऱ्याच्या मिरवणुकीतले हत्तीही या परंपरेतून येत. साबूंना पुढे ‘अभिनय’ म्हणून ज्याचे मोल मिळाले, ते हत्तीवर चढणे-उतरणे, त्याच्याशी बोलणे, त्याच्या कानामागे पाय रोवून बसणे हे माहुतांच्या घरात पोराटोरांनाही येत असे.

‘नानूक ऑफ द नॉर्थ’मुळे (१९२२) नावाजलेले माहितीपटकार रॉबर्ट फ्लाहर्टी १९३५ साली अलेक्झांडर कोर्डा यांच्या लंडन फिल्म्ससाठी म्हैसूरला आले. रडयर्ड किपलिंग यांच्या, तुमाई नावाच्या माहुताच्या पोराच्या कथेवर त्यांना चित्रपट करायचा होता.   तुमाईच्या शोधात असलेल्या या चमूतील छायालेखक ऑस्मंड बोराडेल यांच्या नजरेत साबू भरले. कथेतल्या कालानाग हत्तीची भूमिका संस्थानच्या ऐरावत या हत्तीने केली.

चित्रण लांबतच गेले. अखेर कोर्डांनी चमू परत बोलावला आणि उरलेले प्रसंग त्यांचे बंधू झोल्टान यांनी इंग्लंडमध्ये डेनहॅम स्टुडिओत घेतले. त्यासाठी साबू आणि त्यांचा भाऊ विलायतेला गेले. ‘एलिफंट बॉय’ (१९३७) म्हणजे जोडून शिवलेल्या दोन कापडांसारखा आहे. फ्लाहर्टींचे म्हैसूर एका पोताचे, डेनहॅमचे ‘जंगल’ दुसऱ्या. शिवण नुसत्या डोळ्यांना दिसते. व्हेनिस महोत्सवात दिग्दर्शनाचा पुरस्कार मात्र दोघांना मिळून मिळाला. फ्लाहर्टींच्या पत्नी फ्रान्सिस यांनी या मुक्कामावर ‘एलिफंट डान्स’ हे पुस्तक लिहिले.

खरे म्हैसूर साबूंच्या वाट्याला आले ते या पहिल्याच चित्रपटात. त्यानंतरच्या त्यांच्या गाजलेल्या चित्रपटांतला ‘पूर्वेकडचा देश’ डेनहॅम, पाइनवुड आणि कॅलिफोर्नियात उभारलेला होता. त्यात अस्सल म्हणावे असे बहुधा साबूच असत. वायव्य सरहद्दीवरील ‘द ड्रम’मध्ये (१९३८) ते इंग्रजांना साथ देणारा राजपुत्र झाले. हा साम्राज्याचा गौरव हिंदुस्थानात कोणाला रुचणार? मुंबईत निदर्शने झाली आणि चित्रपटाचे खेळ थांबवावे लागले. देशबांधवांचा रोष त्यांनी चौदाव्या वर्षी ओढवून घेतला, तोही दुसऱ्याने लिहिलेल्या संवादांपायी.

‘द थीफ ऑफ बगदाद’ (१९४०) हा त्यांचा सर्वोत्तम चित्रपट. युद्धामुळे त्याचे काम इंग्लंडमधून अमेरिकेत हलवावे लागले. छायाचित्रण, कलादिग्दर्शन आणि विशेष दृश्यपरिणाम अशी तीन ऑस्कर पारितोषिके त्याला मिळाली. राजकन्या आणि राज्य नायक अहमदला मिळते. लक्षात राहतो तो बाटलीतल्या जिनीला फसवून परत बाटलीत घालणारा, साबूंनी रंगवलेला चोरटा अबू. झोल्टान कोर्डांच्या ‘जंगल बुक’मध्ये (१९४२) ते मोगली झाले. मराठी घरांत मोगली म्हटला की दूरदर्शनवरची रविवारची सकाळ आठवते. त्याच्या अर्ध्या शतकाआधी पडद्यावरचा मोगली एका म्हैसूरकराने रंगवला होता. मिक्लोश रोझा यांच्या या चित्रपटातील संगीताच्या तबकड्या साबूंच्या निवेदनासह निघाल्या.

युनिव्हर्सल कंपनीशी करार झाल्यावर ‘अरेबियन नाइट्स’ (१९४२), ‘व्हाइट सॅव्हेज’ (१९४३) आणि ‘कोब्रा वुमन’ (१९४४) हे रंगीत चित्रपट आले. तिन्हींत मारिया माँटेझ नायिका, जॉन हॉल नायक आणि साबू मित्र. ही वाटणी ठरलेलीच असे. मुख्य भूमिका आशियाई कलावंतांना सहसा दिली जात नसे. ‘एलिफंट बॉय’च्याच साली आलेल्या ‘द गुड अर्थ’मध्ये चिनी नायिकेचे काम चिनी वंशाच्या अ‍ॅना मे वाँग यांना न देता गोऱ्या लुइझ रेनर यांना दिले गेले होते. साबूंना कामे मिळत राहिली, पण वय वाढले तरी भूमिका वाढली नाही.

१९४४ मध्ये अमेरिकन नागरिकत्व घेऊन ते तेथील वायुदलात दाखल झाले. पॅसिफिक आघाडीवर बी-२४ बॉम्बफेकी विमानात गनर म्हणून त्यांनी अनेक मोहिमा केल्या आणि डिस्टिंग्विश्ड फ्लाइंग क्रॉस मिळवला.

परतल्यावर ‘ब्लॅक नार्सिसस’मध्ये (१९४७) त्यांना प्रौढ म्हणता येईल अशी भूमिका मिळाली. हिमालयातल्या ख्रिस्ती जोगिणींच्या मठात शिकायला येणाऱ्या या तरुण सरदारपुत्राच्या रुमालावरचे अत्तर लंडनच्या आर्मी अँड नेव्ही स्टोअर्समधले असते आणि चित्रपटाचे नाव त्या अत्तरावरून आले आहे. हिमालय काचेवर रंगवलेला, बाग ससेक्समधली, कांची ही पहाडी मुलगी म्हणजे काळासावळा रंग लावलेल्या जीन सिमन्स. हा सगळा बनाव साबू इतक्या सहजपणे मिरवतात, की दिग्दर्शक पॉवेल-प्रेसबर्गर यांच्याइतकेच श्रेय त्यांनाही द्यावेसे वाटते.

नंतर उतार लागला. ‘मॅन-ईटर ऑफ कुमाऊँ’ (१९४८), ‘साँग ऑफ इंडिया’ (१९४९), इटलीत व्हित्तोरिओ दे सिका यांच्याबरोबर ‘बोंजोर्नो, एलेफांते!’ (१९५२) अशी कामे झाली. १९५२ च्या नाताळात लंडनच्या हॅरिंगे सर्कशीत ते हत्ती घेऊन उतरले.

मायदेशी काम करण्याची एक संधी आली होती. मेहबूब खान यांनी ‘मदर इंडिया’तील बिरजूसाठी त्यांचा विचार केला, पण काम करण्याचा परवाना मिळाला नाही. ती भूमिका सुनील दत्त यांना मिळाली आणि त्यांचे नशीब उघडले. साबूंनी भारतीय चित्रपटात काम केले नाही ते नाहीच. ‘मदर इंडिया’ आला त्याच साली, १९५७ मध्ये, ते अमेरिकेत ‘साबू अँड द मॅजिक रिंग’ करत होते. शीर्षकातही स्वतःचेच नाव, पात्राचेही तेच.

१९६० मध्ये हॉलिवूडच्या ‘वॉक ऑफ फेम’वर त्यांच्या नावाचा तारा बसला. त्याच वर्षी भावाचा, त्यांच्या फर्निचरच्या दुकानावर पडलेल्या दरोड्यात, खून झाला. ‘रँपेज’ (१९६३) आणि डिस्नेचा ‘अ टायगर वॉक्स’ (१९६४) हे त्यांचे अखेरचे चित्रपट. दुसरा मरणोत्तर प्रदर्शित झाला. कॅलिफोर्नियातील चॅट्सवर्थ येथे हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचे निधन झाले. वय अवघे ३९. १९४८ मध्ये त्यांनी अभिनेत्री मॅरिलिन कूपर यांच्याशी विवाह केला होता. त्यांचा मुलगा रॉक संगीताकडे वळला. मुलीने प्राण्यांना शिकवण्याचा व्यवसाय पत्करला.