अनंताला ‘फंदी’ करणारा मलिक

संगमनेरचे नाव निघाले की शाहीर अनंत फंदी आठवतो. शाळेत पाठ केलेला त्याचा उपदेशाचा फटका कित्येकांना म्हातारपणीही तोंडपाठ असतो. पण त्याला ‘फंदी’ हे नाव कुठून मिळाले, हे फारसे कुणी विचारत नाही.

अनंत (१७४४–१८१९) जन्माने ब्राह्मण, आडनाव घोलप. परंपरेने सांगितली जाणारी हकिकत अशी : संगमनेरात मलिक फंदी नावाचा एक फकीर राहत असे. त्याचे वागणे चमत्कारिक, पण अनंतावर त्याचा फार लोभ. हा स्नेह पाहून लोक अनंतालाही फंदी म्हणू लागले. लोकांनी ठेवलेले असे नाव एखाद्याने झटकून टाकले असते. अनंताने ते आपल्या कवनांत मुद्रा म्हणून घातले. घोलप मागे पडले, फंदी राहिले.

याच नावाने तो तमाशात उभा राहिला. डफ-तुणतुण्याच्या साथीने लावण्या गायल्या, पोवाडे गायले. १७९५ साली खर्ड्याला, म्हणजे याच जिल्ह्यातल्या आजच्या जामखेड तालुक्यात, मराठ्यांनी निजामाला हरवले. त्या विजयाचा पोवाडाही त्याने रचला. निजामावरचा विजय गाणाऱ्या शाहिराचे नाव एका फकिराकडून आलेले होते. त्याला स्वतःला यात काही विसंगत वाटले, असे त्याच्या नावावरून तरी दिसत नाही.

पुढची आख्यायिका अहिल्याबाई होळकरांची. तमाशात कवित्व वाया घालवू नये, असे त्यांनी फंदीला सुनावले आणि तो कीर्तनाकडे वळला, असे सांगतात. लोकांना रिझवणारा शाहीर लोकांना शिकवूही लागला. फटका या रचनाप्रकाराचा तो मराठीतला जनक मानला जातो. त्यात उपदेश आहे, पण बोली रोकठोक, बाजारात-चावडीवर ऐकू येणारी. तमाशा सुटला तरी मलिकचे नाव सुटले नाही.

मराठी शाहिरीत मुसलमान काही पाहुणे नव्हते. पेशवाईच्या उत्तरकाळातला सगनभाऊ धंद्याने शिकलगार, धर्माने मुसलमान. विसाव्या शतकात संयुक्त महाराष्ट्रासाठी गाणारे बार्शीचे अमर शेख. त्यांची कवने तरी उरली. मलिकचे एक कवनही आपल्यापर्यंत आलेले नाही. त्याचे नाव तेवढे उरले, तेही मित्राच्या नावात.

आज मराठी मुसलमानाला अधूनमधून विचारले जाते, ‘तुम्ही मराठी इतकी चांगली कशी बोलता?’ तेव्हा मला मलिक आठवतो. मराठी मुले ज्या कवीचा फटका पाठ करतात, त्याला नाव मिळाले ते मलिकमुळे.

जिल्ह्याला आता अहिल्याबाईंचे नाव आहे. त्यांनी फंदीला कीर्तनाकडे कसे वळवले, ही गोष्ट अभिमानाने सांगितली जाते, सांगावीच. फक्त सुरुवात थोडी अलीकडून करू नये. आधी मलिकचे नाव घ्यावे.