भयराज्याची गाणी

रामराज्याचे वर्णन मराठी श्रोत्याने कीर्तनात ऐकलेले असते, पुराणात ऐकलेले असते आणि निवडणुकीच्या सभेतही ऐकलेले असते. त्याच्या उलट असलेले राज्य, म्हणजे जेथे देवीच्या नावाने सुरी चालते, सिंहासनावर एक बसतो आणि सत्ता दुसराच चालवितो, अशा कल्पित भयराज्याचे चित्र मात्र आपल्या कथावाङ्मयात फार थोड्यांनी रंगविले. नारायण हरी आपटे हे त्या थोड्यांपैकी एक. त्यांच्या ‘भाग्यश्री’ या कादंबरीवरून पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीने १९३४ साली ‘अमृतमंथन’ हा बोलपट मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत काढला. त्यातील प्रकाश, त्यातील काळोख आणि राजगुरूचा तो सारा पडदा व्यापून टाकणारा डोळा यांविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. संगीताविषयी त्या मानाने कमी. वास्तविक तेथे एक कठीण प्रश्न उभा होता. कथा रक्ताची, बळीची आणि विश्वासघाताची. आणि प्रेक्षक तर गाणी ऐकावयास आलेला. अशा कथेत गावे कोणी, केव्हा आणि कशासाठी?

कथानक थोडक्यात असे. अवंतीचा राजा क्रांतिवर्मा चंडिकेपुढे होणारे पशुबळी आणि नरबळी बंद करण्याची आज्ञा देतो. राजगुरूला हा देवीचा अपमान वाटतो. त्याहूनही अधिक तो स्वतःच्या अधिकाराचा अपमान वाटतो. गुप्त सभेत राजवधाचा कट शिजतो, आणि ते काम यशोधर्मा या भाविक अनुयायाच्या गळ्यात पडते. तो राजाला मारतो, आणि ज्याच्या शब्दावरून मारतो तोच राजगुरू त्याला शिक्षेच्या हवाली करतो. यशोधर्म्याची मुले माधवगुप्त आणि सुमित्रा निराधार होतात. गादीवर आलेली राजकन्या मोहिनी राजगुरूच्या मुठीत सापडते. शेवटी प्रजा उठते, आणि राजगुरू स्वतःचेच मस्तक देवीला अर्पण करतो. हा माणूस ढोंगी नाही, हे या कथेचे खरे भयंकर अंग होय. ढोंग्याची भीती वाटत नाही. आपल्या क्रौर्यावर ज्याची श्रद्धा आहे त्याची वाटते.

प्रभात कंपनी १९२९ साली कोल्हापुरास निघाली आणि १९३३ साली पुण्यास आली. तोपर्यंतच्या ‘अयोध्येचा राजा’ आदी बोलपटांचे संगीत गोविंदराव टेंबे यांचे होते. टेंबे म्हणजे मराठी रंगभूमीचे संगीत अंगी मुरलेला मोठा गुणी माणूस. पण रंगभूमीच्या पदाची एक रीत ठरलेली होती: प्रसंग थांबावा, नटाने पुढे यावे, पेटीने सूर द्यावा आणि रसिकांनी ‘वन्स मोअर’ म्हणावे. त्याच सुमारास व्ही. शांताराम ‘सैरंध्री’च्या रंगीत प्रतींच्या कामासाठी जर्मनीस जाऊन आले. तेथील चित्रपटांतील काळोखाची आणि प्रकाशाची भाषा त्यांनी पाहिली आणि ती ‘अमृतमंथन’मध्ये उतरली. ज्या देशात ही भाषा घडली तेथे फ्रिट्झ लांगचा ‘मेट्रोपोलिस’ १९२७ सालीच पडद्यावर आला होता. थेया फोन हार्बू हिच्या कादंबरीवरचा तो मूकपट, यंत्राखाली भरडल्या जाणाऱ्या भावी नगराचा. त्याला गॉटफ्रीड हुपर्ट्झ याने संपूर्ण वाद्यवृंदासाठी संगीत लिहिले होते. तेथे माणूस गात नाही. शंभर वाद्ये मिळून नगराची धाप ऐकवितात. पुण्यात ही सोय नव्हती, आणि सोय असती तरी प्रेक्षक तेवढ्यावर संतुष्ट झाला नसता.

अशा वेळी टेंब्यांच्या जागी केशवराव भोळे आले. जन्म १८९६ सालचा, अमरावतीचा. मुंबईत वैद्यकी शिकावयास आले आणि गाण्यात गुंतले. ‘एकलव्य’ आणि ‘शुद्ध सारंग’ या टोपणनावांनी गवयांच्या गाण्यावर त्यांनी लिहिलेली टीका चोखंदळ होती, आणि काहींना बोचणारीही होती. १९३३ साली ‘नाट्यमन्वंतर’ने ‘आंधळ्यांची शाळा’ हे नाटक केले. ब्यॉर्नसन या नॉर्वेजियन नाटककाराच्या कृतीवरून श्री. वि. वर्तक यांनी ते रचले होते, आणि त्यातील मोजक्या गाण्यांचे संगीत भोळ्यांचे होते. त्यांच्या पत्नी ज्योत्स्नाबाई त्यात भूमिका करीत आणि गात. गाणे हे पात्राच्या तोंडून सहज निघालेले बोलणे असावे, तानांची परीक्षा नव्हे, हा विचार भोळ्यांनी तेथे करून पाहिला. तोच ते प्रभातमध्ये घेऊन आले. सोबत पाश्चात्य वाद्यांची आवडही आणली.

त्या वेळची ध्वनिलेखनाची रीत ध्यानात घेतली पाहिजे. पार्श्वगायन अजून आलेले नव्हते. कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सने ते १९३५ साली वापरात आणले. ‘अमृतमंथन’च्या वेळी जो नट तोच गायक, आणि जे चित्रण तेच ध्वनिमुद्रण. वादकांना दृश्याच्या बाहेर, कधी देखाव्याच्या आड बसवावे लागे. मायक्रोफोन नटाच्या जवळ पाहिजे, पण कॅमेऱ्यात दिसता कामा नये. गाण्याच्या शेवटच्या चरणात एखाद्याची चूक झाली की सारे पुन्हा पहिल्यापासून. म्हणून पात्रयोजनेतच संगीताचा अर्धा निकाल लागे.

ती पात्रयोजना पाहिली म्हणजे भोळ्यांच्या आणि शांतारामांच्या मनातील हिशेब कळतो. मराठीतील राजगुरू केशवराव दाते. ते गद्य नाटकांत नावारूपाला आलेले नट. हिंदीतील राजगुरू चंद्रमोहन. त्यांची ख्याती डोळ्यांची आणि शब्दांच्या फेकीची, गळ्याची नव्हे. याउलट माधवगुप्त झाले सुरेशबाबू माने, म्हणजे अब्दुल करीम खाँसाहेबांचे चिरंजीव आणि हिराबाई बडोदेकरांचे बंधू. आणि सुमित्रा झाल्या शांता आपटे. म्हणजे भयाचा स्वामी बोलतो, आज्ञा देतो, गर्जतो. गाणे येते ते त्याच्या राज्यात भरडल्या गेलेल्या दोन मुलांच्या वाट्याला. सुरेशबाबूंचा आवाज किराण्याचा, आत वळलेला, सूर धरून ठेवणारा. नायकाला लागणारा ऐटबाजपणा त्यांच्या अभिनयात फारसा नव्हता हे खरेच. परंतु पित्याचा कलंक डोक्यावर घेऊन फिरणाऱ्या मुलाला तो सूर शोभला. शांताबाईंचे वेगळे होते. त्या गाताना हात हालवीत, मान वळवीत, चालत, हसत. पेटीसमोर पुतळ्यासारखे उभे राहून गाण्याची त्या काळची चाल त्यांनी मोडली, आणि भोळ्यांनी त्यांना ती मोडू दिली. मराठी पदे शांताराम आठवले यांची. हिंदी गीते वीर मोहमद पुरी यांची. हिंदीतील शांताबाईंच्या गझलेच्या अंगाच्या गाण्यांनी त्यांचे नाव महाराष्ट्राबाहेर नेले. हिंदी ‘अमृतमंथन’ने मुंबईत रौप्यमहोत्सव केला, त्यात राजगुरूच्या डोळ्यांचा वाटा किती आणि सुमित्रेच्या गळ्याचा किती, हे तिकिटांच्या हिशेबावरून सांगता येणार नाही.

येथूनच दुसरी अडचण सुरू होते. बोलपटाची गाणी बोलपटात राहत नाहीत. चित्रगृहाच्या दाराशी गाण्यांचे पुस्तक एक-दोन आण्यांना मिळे, आणि दुकानात तबकडी मिळे. तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम तीन-सव्वातीन मिनिटे मावत. त्यामुळे गाणे कापावे किंवा नव्याने बांधावे लागे, आणि पुष्कळदा गायकाला ते तबकडीसाठी पुन्हा गावे लागे. म्हणजे घरी वाजे ते गाणे पडद्यावरच्या गाण्याचे भावंड असे, प्रत्यक्ष तेच नसे. त्यातून प्रसंग गळून गेलेला असे. पडद्यावर ज्या मुलीच्या बापाचा घात झाला आहे तिचे गाणे घरातल्या फोनोवर नुसते गोड गाणे होई. आई पोळ्या लाटीत असे आणि मुले त्यावर ठेका धरीत.

पुणे-नगर रस्त्यावरून शिक्रापूरपाशी आत वळले की वेळ नदीच्या काठी तळेगाव ढमढेरे लागते. अशा बाजाराच्या गावी त्या काळात बोलपट येई तो फिरत्या तंबूतून, जत्रेच्या हंगामात, आणि पुण्यात जुना झाल्यावर. त्याची गाणी मात्र आधीच येऊन राहिलेली असत. एखाद्या सुखवस्तू घरच्या फोनोवर, नाही तर पुण्याहून सुटीला आलेल्या विद्यार्थ्याच्या तोंडी. तेथील श्रोत्याला संबळावर देवीचा गोंधळ पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक होता, बोकडाचा नवसही ठाऊक होता. चंडिकेपुढचा बळी ही त्याला परक्या देशाची कथा वाटण्याचे कारण नव्हते. म्हणून नुसत्या गोड गाण्यांनी त्याच्यापर्यंत ‘अमृतमंथन’ पोहोचले असे म्हणणे धाडसाचे होईल. कथेचे शस्त्र म्यानातच राहून म्यानावरची नक्षी तेवढी गावोगाव गेली.

हीच अडचण विलायतेतही होती, पण तेथे ती निराळ्या रीतीने सोडविण्याचा यत्न झाला. एच. जी. वेल्स याने १९३३ साली येऊ घातलेल्या काळाचा एक कल्पित इतिहास लिहिला: महायुद्ध, रोगराई, उद्ध्वस्त नगरात दंडेलीने राज्य करणारा पुंड, आणि शेवटी यंत्रज्ञांची सत्ता. अलेक्झांडर कोर्डा याने त्यावर ‘थिंग्ज टु कम’ हा चित्रपट काढला. तो १९३६ साली दाखविला गेला. संगीत हा चित्रपटाचा पाया असावा, वरून चढविलेला मुलामा नव्हे, असा वेल्सचा आग्रह होता. म्हणून आर्थर ब्लिस या संगीतकाराला त्याने आरंभापासून बरोबर घेतले, आणि संगीताचा काही भाग चित्रणाआधी तयार करविला. आग्रह सर्वस्वी सिद्धीस गेला नाही. चित्रपटाच्या कारखान्यात कात्री शेवटी दुसऱ्याच्याच हाती असते. परंतु त्या संगीताची मालिका १९३५ सालीच लंडनच्या प्रॉम्स जलशात वाजली, आणि पुढे तिच्या तबकड्याही निघाल्या. त्यात गोड असे थोडेच होते. लष्करी कूच आणि यंत्रांचा घोष घरी वाजविला तरी त्यातले भय शिल्लक राही. शब्द नसलेल्या संगीताला हा एक लाभ आहे. मराठी श्रोत्याला मात्र शब्दावाचून संगीत पुरे वाटत नाही, आणि त्यात त्याचे काही चुकते असेही नाही.

भोळ्यांनी आपले उत्तर तीन वर्षांनी दिले, आणि पुन्हा आपट्यांच्याच कादंबरीवर दिले. ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरून प्रभातने १९३७ साली ‘कुंकू’ काढला. हिंदीत ‘दुनिया ना माने’. या वेळी राज्य अवंतीचे नव्हते. एका वकिलाचा जुना वाडा, हेच राज्य. फसवून म्हाताऱ्या विधुराच्या गळ्यात बांधलेली तरुण मुलगी त्याला पती मानण्याचे नाकारते, इतकीच गोष्ट. तिचे काम शांता आपट्यांनी केले, म्हाताऱ्या काकासाहेबांचे दात्यांनी. म्हणजे पूर्वीची सुमित्रा आणि पूर्वीचा राजगुरू एका छपराखाली आले. काकासाहेबांच्या पुढारलेल्या मुलीच्या भूमिकेत रँग्लर परांजप्यांच्या कन्या शकुंतलाबाई होत्या. देवीचे देऊळ नाही, सुरी नाही. पण मुलीला बळी देण्याचा विधी तोच, आणि तो पाहणाऱ्यांची संमतीही तीच.

भोळ्यांनी येथे पार्श्वसंगीत काढूनच टाकले. दुःखाच्या प्रसंगी सारंगी नाही, क्रोधाच्या प्रसंगी नगारा नाही. ऐकू येतात ते घरातले आणि रस्त्यावरचे आवाज. भिंतीवरचे जुने घड्याळ टिकटिकते, आणि त्या टिकटिकीत म्हाताऱ्याचे उरलेले दिवस मोजले जातात. आपल्या चित्रपटांत असे धारिष्ट त्याआधी क्वचितच कोणी केले असेल. गाणी आहेत, पण गाण्याला जागा मिळविण्यासाठी प्रसंग थांबविलेला नाही. मनाच्या शुद्धतेविषयीचे गाणे येते ते रस्त्यावर गात जाणाऱ्या माणसाच्या तोंडी, त्याच्या साध्या बोलीत, आणि ते नेमके ज्याने ऐकावे त्याच्या कानी पडते. लाँगफेलो या अमेरिकन कवीची ‘अ साम ऑफ लाइफ’ ही १८३८ सालची कविता शांताबाईंनी इंग्रजीतच गाइली. काही टीकाकारांना तो विक्षेप वाटला तर नवल नाही. परंतु शाळेत शिकलेली कविता हाच त्या मुलीजवळचा एकमेव दारूगोळा आहे, हे ध्यानात घेतले म्हणजे तिची योजना पटते. घरातील कोणाच्याही भाषेत तिला जे बोलता येत नाही ते ती परभाषेत गाते.

‘कुंकू’तील गाण्यांच्याही तबकड्या निघाल्या आणि खपल्या. फरक एवढाच की रस्त्यावरच्या गवयाचे ते गाणे घरात वाजले तरी त्यातील प्रश्न तसाच राही. ते पडद्यावरही कोणाचे मनोरंजन करण्यासाठी गाइलेले नव्हते. ‘अमृतमंथन’च्या गाण्यांहून ते अधिक सुंदर आहे काय, यावर दुमत होईल, सुरेशबाबूंच्या सुराची सर त्याला नाही. प्रसंगाला ते अधिक प्रामाणिक आहे, यावर दुमत होऊ नये.

या वाटेने पुढे फारसे कोणी गेले नाही. स्वतः प्रभातचा १९३९ सालचा ‘माणूस’ मास्तर कृष्णरावांच्या संगीताने नटला होता, आणि पार्श्वसंगीत मराठी-हिंदी चित्रपटांत वाढतच गेले. १९६० साली प्रभातच्या आवारात सरकारची फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. भोळ्यांनी १९६४ साली ‘माझे संगीत : रचना आणि दिग्दर्शन’ या पुस्तकात आपल्या कामाचा हिशेब मांडला, त्यानंतर तीन वर्षांनी ते निवर्तले.

‘कुंकू’ही तंबूतल्या सिनेमांनी गावोगाव नेला. तंबूला वीज पुरवी ती बाहेर लावलेल्या इंजिनाची, आणि त्याची धडधड कापडी भिंतींतून सारा वेळ आत येत असे. पुण्याच्या चित्रगृहात जे घड्याळ स्पष्ट ऐकू येई, ते तळेगाव ढमढेऱ्यासारख्या गावच्या मैदानात त्या धडधडीखाली बुडे. रस्त्यावरच्या गवयाचे गाणे तेवढे मागच्या रांगेपर्यंत पोहोचे.