अर्जाला उत्तर मिळण्याचा हक्क

जातीचा दाखला, वारसनोंद, पेन्शन, यांपैकी कशासाठी कचेरीच्या पायऱ्या झिजवल्या नाहीत असं घर आपल्या वस्तीत सापडणं कठीण. साहेब नाही म्हणत नाहीत, हो पण म्हणत नाहीत. "फाईल वर गेलीय, सोमवारी या." नकार मिळाला तर निदान अपील करता येतं, गप्प बसणाऱ्यापुढं करायचं काय?

इंग्रजी अमदानीत १८७७ च्या स्पेसिफिक रिलीफ अॅक्टच्या कलम ४५ खाली मुंबई, मद्रास व कलकत्ता हायकोर्टाला अधिकाऱ्याला 'तुझं कर्तव्य कर' असं फर्मावता येई. पण तेही त्या शहरांच्या हद्दीपुरतंच, आणि खुद्द सरकारवर असा हुकूम काढायला मनाई! सातारा-सोलापूरच्या रयतेला त्याचा काय उपयोग?

ही कुंपणं राज्यघटनेनं तोडली. ९ डिसेंबर १९४८ रोजी घटना समितीत परमपूज्य बाबासाहेबांनी आजच्या कलम ३२ ला घटनेचा आत्मा आणि हृदय म्हटलं, हे आपण भाषणांत नेहमी ऐकतो. कलम २२६ बद्दल मात्र फारसं कोणी बोलत नाही. कलम ३२ मूलभूत हक्कांसाठी. २२६ खाली हायकोर्ट इतर हक्कांसाठीही, आणि सरकारवरसुद्धा, महादेश म्हणजे मँडेमस काढू शकतं. तरी १९५३ साली सुप्रीम कोर्टानं ठरवलं की दिल्लीत बसणाऱ्या निवडणूक आयोगावर मद्रास हायकोर्टाचा हुकूम चालत नाही. ती अडचण १९६३ च्या पंधराव्या घटनादुरुस्तीनं दूर झाली.

इथं आपल्या लोकांचा एक गैरसमज होतो. अशा खटल्यात कोर्ट बहुधा "अर्ज मंजूर करा" म्हणत नाही. "इतक्या आठवड्यांत निर्णय द्या" एवढंच म्हणतं. निर्णय साहेबाचाच, तो नकारही असू शकतो. पण लेखी आणि कारणांसह नकार हातात पडला की पुढची लढाई लढता येते. आमच्या मते हे थोडंथोडकं नाही.

१९९० साली बौद्धांचा अनुसूचित जातींच्या आदेशात समावेश झाला, तेव्हापासून दाखल्यांचा प्रश्न आपल्या मुलांच्या अॅडमिशनशी जोडलेला आहे. १९९४ च्या माधुरी पाटील खटल्यात सुप्रीम कोर्टानं जात पडताळणीची चौकशी शक्यतो रोजच्या रोज चालवून दोन महिन्यांत संपवायला सांगितलं. महाराष्ट्राच्या २००५ च्या दिरंगाई प्रतिबंध कायद्यानं तर एका टेबलावर फाईल सर्वसाधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त ठेवू नये असं म्हटलं. कागदावर सगळं छान!

मात्र उशीर आपल्या बाजूनंही चालत नाही. १९८२ साली नोकरीवरून काढलेल्या सी. जेकब यांनी २००० साली अर्ज केला. २००८ मध्ये सुप्रीम कोर्टानं बजावलं की जुना, मेलेला दावा नुसत्या नव्या अर्जानं किंवा त्याला आलेल्या उत्तरानं जिवंत होत नाही.

म्हणून अर्ज वेळेवर द्यावा, आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख, सही घेतल्याशिवाय खिडकी सोडू नये. हायकोर्टात वकील आधी ती पोचच मागतात.