नृत्यांतील काल आणि तंजावर

तंजावरच्या बृहदीश्वराच्या देवळांत, गर्भगृहाभोंवतालच्या वरच्या मजल्यावर, नृत्यकरणांची शिल्पें ओळीनें कोरलेलीं आहेत. भरतानें नाट्यशास्त्रांत करणें सांगितलीं १०८. येथें कोरून झालीं तीं ८१. पुढील दगड कोरेच राहिले. देऊळ सन १०१० त पुरें झालें, तरी हें काम कां थांबलें याविषयीं अद्याप तर्कच चालतात.

नृत्य शिकणारानें मात्र कोऱ्या दगडांपेक्षां कोरलेल्या दगडांतील उणीव ध्यानांत घ्यावी. हातापायांची मिळून होणारी क्रिया तें करण, असें भरताचें म्हणणें. आणि क्रिया म्हटली कीं तिला काल लागतो. शिल्पकारानें तिच्यांतला एक क्षण धरून ठेवला. त्याआधीं पाय कोठें होता, पुढें किती मात्रांत कोठें गेला, हें दगड सांगूं शकत नाहीं.

तो काल राखला नट्टुवनारांनीं, म्हणजे दक्षिणेंतील परंपरागत नृत्यगुरूंनीं. त्यांची रीत वरवर पाहतां अगदीं साधी. विद्यार्थिनीनें गुडघे बाहेर वळवून अर्धें बसावें व गुरूनें लांकडावर काठीचा ठोका देत 'तै या तै' म्हणावें. या पहिल्या पाठाचें नांव तट्टडवु. तट्टु म्हणजे आघात, व अडवु म्हणजे नृत्याचा मूळ घटक. तोच पदाघात तीन कालांत करावयाचा. दुसऱ्यांत पहिल्याच्या दुप्पट, तिसऱ्यांत चौपट. तालाचा ठोका मात्र तसूभरही घाई करीत नाहीं. नवशिकी दमते ती येथेंच, आणि गुरूस तिची पारख होते तीही येथेंच! तीन, चार, पांच, सात व नऊ अक्षरांच्या जाति मग पुढें येतात.

अलारिप्पूपासून तिल्लान्यापर्यंतचा आजचा क्रम बसविला चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम् व वडिवेलु या चार बंधूंनीं, आणि तो भोसल्यांच्या तंजावरास, एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धांत. दुसरे सरफोजी (कारकीर्द १७९८ ते १८३२) यांनीं तर नृत्यासाठीं मराठींत निरूपणें रचलीं. आपल्याकडे हें थोड्यांसच ठाऊक असावें.

या बंधूंच्याच वंशांतील पंदनल्लूरचे मीनाक्षिसुंदरम् पिळ्ळै यांच्यापाशीं रुक्मिणीदेवी शिकल्या व १९३६ त त्यांनीं कलाक्षेत्र स्थापिलें. १९४७ च्या मद्रास कायद्यानें मुली देवास वाहणें बंद झालें, तें योग्यच झालें. परंतु ज्या देवदासींच्या पायांनीं हा काल पिढ्यान्‌पिढ्या मोजला, त्यांच्या वांट्यास कलेची नवी प्रतिष्ठा फारशी आली नाहीं. आजहि नव्या मुलीच्या कानीं प्रथम पडतें तें त्यांचेंच 'तै या तै'.