जिल्हा न्यायालय मेट्रो स्थानक, पुणे

पुणे मेट्रोच्या दोन मार्गिका जिथे एकमेकींना ओलांडतात, ते शिवाजीनगर भागातील अदलाबदल स्थानक. मुठा नदीच्या डाव्या तीरावर, जिल्हा न्यायालय आणि कामगार पुतळा चौक यांच्याजवळ ते आहे. पिंपरी-चिंचवड ते स्वारगेट ही पर्पल मार्गिका इथे जमिनीखालून जाते आणि वनाझ ते रामवाडी ही अ‍ॅक्वा मार्गिका खांबांवरून. भुयारी भागाची खोली ३३.१ मीटर असल्याने देशातील सर्वांत खोल मेट्रो स्थानकांत त्याची गणना होते. मूळ आराखड्यात त्याचे नाव ‘सिव्हिल कोर्ट’ होते. अधिकृत नाव बदलले तरी पुणेकरांच्या बोलण्यात तेच टिकून आहे.

  स्थानक किती खोल जायचे हे मुठेने ठरवले. स्थानक सोडून दक्षिणेकडे निघालेली पर्पल मार्गिका लगेच नदीच्या तळाखालून पलीकडे कसबा पेठेत जाते. नदीपात्राखाली पुरेसा खडक राखून बोगदे काढायचे, तर अलीकडच्या तीरावर गाडी आधीच खूप खाली असायला हवी. शिवाय मेट्रोचा रूळ एकदम उतरत नाही. म्हणून नदीकाठचे हे स्थानक इतके खोल गेले. स्थानकाच्या रचनेतल्या बहुतेक गोष्टी या एका कारणातून निघतात.

मार्गिका भुयारातून नेण्याचे कारण नदीपलीकडे आहे. कसबा हा पुण्याचा सर्वांत जुना वसलेला भाग. अरुंद गल्ल्या, एकमेकांना टेकलेले वाडे आणि जवळच शनिवारवाडा. इथून उन्नत मार्ग नेणे म्हणजे जुने पुणे मधोमध कापणे झाले असते. कृषी महाविद्यालयापाशी गाड्या जमिनीखाली शिरतात आणि स्वारगेटपर्यंत सुमारे सहा किलोमीटर खालीच राहतात. या टप्प्यात शिवाजीनगर, जिल्हा न्यायालय, कसबा पेठ (आधीचे नाव बुधवार पेठ), मंडई आणि स्वारगेट ही पाच स्थानके येतात. पैसा आणि वेळ जास्त लागला, तरी पेठांच्या दृष्टीने हाच निर्णय योग्य होता.

प्रकल्पाला केंद्रीय मंत्रिमंडळाची मान्यता डिसेंबर २०१६ मध्ये मिळाली आणि त्याच महिन्याच्या २४ तारखेला पंतप्रधान नरेंद्र मोदी यांच्या हस्ते भूमिपूजन झाले. काम महाराष्ट्र मेट्रो रेल कॉर्पोरेशनकडे, म्हणजे महामेट्रोकडे आले. नागपूर मेट्रो याच संस्थेने बांधली, मात्र ती मार्गभर जमिनीच्या वरूनच जाते. तिथे एकही भुयारी स्थानक नाही. पुण्यातले भुयारी काम गुलेरमाक ही तुर्की कंपनी आणि टाटा प्रोजेक्ट्स यांनी मिळून केले.

स्थानकासाठी निवडलेल्या जागेवर सरकारी धान्य गोदामे होती. ती हलवल्यामुळे गजबजलेल्या शिवाजीनगरात मोठी मोकळी जागा हाती आली आणि वरून खाली खोदत जाणे शक्य झाले. कामगार पुतळा आणि राजीव गांधीनगर या शेजारच्या वस्त्यांतील कुटुंबांना मात्र नदीकाठची घरे सोडून दूर जावे लागले. स्थानकाच्या इतिहासात त्यांची नोंद उद्‌घाटनाच्या तारखांइतकीच महत्त्वाची आहे. अ‍ॅक्वा मार्गिकेचा काही भाग मुठेच्या पात्रालगत जात असल्याने त्याबाबतचा वाद राष्ट्रीय हरित लवादापर्यंत गेला होता.

बोगद्यांचे काम २०१९ च्या अखेरीस कृषी महाविद्यालयाच्या बाजूने सुरू झाले. खोदणाऱ्या यंत्रांना मुठा, मुळा आणि पवना अशी इथल्याच नद्यांची नावे दिली होती. पुण्याखालचा खडक दख्खनचा काळा पाषाण, म्हणजे बेसाल्ट. यंत्राची फिरती चकती पुढे खडक कापत जाते आणि पाठोपाठ काँक्रीटच्या तयार तुकड्यांची कडी बसवली जाते. एकामागून एक अशा कड्या जोडून बोगद्याचे अस्तर तयार होते. जाण्यायेण्याचे असे दोन स्वतंत्र बोगदे मिळून सुमारे बारा किलोमीटरचे खोदकाम जून २०२२ मध्ये पूर्ण झाले.

स्थानकाची मांडणी उभी आहे. तळाशी पर्पल मार्गिकेचा फलाट आहे. दोन बोगदे समांतर येत असल्याने फलाट मधोमध, आणि रूळ त्याच्या दोन्ही अंगांना. पिंपरीकडची आणि स्वारगेटकडची गाडी एकाच फलाटावरून मिळते. त्यावर तिकीटघर, तपासणी आणि प्रवेशफाटकांचा मजला, मग जमीन आणि सर्वांत वर अ‍ॅक्वा मार्गिकेचे उन्नत स्थानक. तिथे मध्ये रूळ आणि दोन्ही कडांना फलाट आहेत. दोन्ही गाड्यांमध्ये सरकते जिने व लिफ्ट यांनी चढ-उतार करता येते. पिंपरीहून येऊन पुणे रेल्वे स्थानकाला किंवा कोथरूडकडे जाणारा प्रवासी नदीच्या पातळीखालून थेट रस्त्याच्याही वर येतो. अ‍ॅक्वा गाडी पुढे पुलावरून नदी ओलांडून मंगळवार पेठेकडे जाते. एकच नदी, एका मार्गिकेने खालून आणि दुसरीने वरून पार केलेली.

स्थानकाचे सर्वांत मोठे वैशिष्ट्य म्हणजे उजेड. वरून उघडे खोदल्यामुळे छताला मोठा झरोका ठेवता आला. छत सुमारे ९५ फूट उंच आहे आणि दिवसा सूर्यप्रकाश थेट तळाच्या फलाटापर्यंत पोहोचतो. भुयारी स्थानकात दिवस आहे की रात्र हे सहसा कळत नाही. इथे ते घड्याळ न पाहता कळते. आपण किती खोल आलो आहोत याचा अंदाजही त्या उजेडामुळेच येतो. विजेची बचत हा त्याचा फायदा आहेच, पण इतक्या खाली उतरणाऱ्या माणसाला कोंडल्यासारखे वाटत नाही, हा मोठा आहे.

स्थानक १ ऑगस्ट २०२३ रोजी सुरू झाले. त्या दिवशी फुगेवाडीकडून येणारी पर्पल आणि गरवारे महाविद्यालयाकडून रुबी हॉलकडे जाणारी अ‍ॅक्वा अशा दोन्ही मार्गिका येथे एकत्र आल्या. त्यानंतर सुमारे चौदा महिने पर्पल मार्गिकेचे हेच शेवटचे स्थानक होते. नदीखालून स्वारगेटकडे पहिली चाचणी फेरी फेब्रुवारी २०२४ मध्ये झाली. हा टप्पा सप्टेंबर २०२४ मध्ये सुरू व्हायचा होता, पण पावसामुळे पंतप्रधानांचा २६ तारखेचा पुणे दौरा रद्द झाला आणि २९ तारखेला दूरदृश्य प्रणालीद्वारे उद्‌घाटन झाले. तेव्हापासून शिवाजीनगर आणि पेठा रस्त्यावरच्या कोंडीत न अडकता जोडल्या गेल्या.

हिंजवडीतील माण ते शिवाजीनगर या सुमारे २३ किलोमीटरच्या तिसऱ्या मार्गिकेचीही आखणी येथेच संपण्याची आहे. ती पूर्ण उन्नत असून पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाने खासगी सहभागातून हाती घेतली. महामेट्रोच्या मार्गिकांना वीज वरच्या तारेतून मिळते, हिंजवडी मार्गिकेची रचना रुळालगतच्या तिसऱ्या पट्टीतून वीज घेण्याची आहे. त्यामुळे एका मार्गिकेच्या गाड्या दुसरीवर धावू शकत नाहीत आणि प्रवाशाने येथे उतरून पादचारी पुलावरून बदल करण्याची योजना आहे. पर्पल मार्गिकेच्या स्वारगेट ते कात्रज या भुयारी विस्ताराला केंद्राने ऑगस्ट २०२४ मध्ये मान्यता दिली.