कै. डॉ. जयंत नारळीकर : आकाशाची गोष्ट सांगणारा लेखक

आपल्या मंडळाच्या चिटणीसबाईंनी स्मरणिकेसाठी "कोणा तरी थोर व्यक्तीचे चरित्र लिहून द्या" असे मला सांगितले, तेव्हा मी प्रथम नाहीच म्हटले. माझे शिक्षण अवघे सातवीपर्यंत झालेले. हातात पेन धरते ते किराण्याच्या यादीपुरते, नाही तर भिशीच्या हिशेबापुरते. पण त्या काही ऐकेनात. मग मनात आले की, ज्या लेखकाने आमच्या घरातली एक जुनी भीती घालवली, त्याच्याविषयीच लिहावे. ते लेखक म्हणजे कै. डॉ. जयंत विष्णु नारळीकर.

20 मे 2025 रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. ते 86 वर्षांचे होते. त्या दिवशी मी गच्चीवर कुरडया घालीत होते. थोरली लेक वर आली आणि म्हणाली, "आई, आपले नारळीकर गेले." 'आपले' हा शब्द तिच्या तोंडून सहज आला. एवढा मोठा शास्त्रज्ञ आमच्यासारख्यांच्या घरात 'आपला' कसा झाला, तेच मला सांगावयाचे आहे.

नारळीकरांचा जन्म 19 जुलै 1938 रोजी कोल्हापुरास झाला. वडील विष्णु वासुदेव नारळीकर हे काशीच्या हिंदु विश्वविद्यालयात गणिताचे प्राध्यापक. आई सुमतीबाई संस्कृत जाणणाऱ्या. त्यामुळे मुलाचे बालपण आणि शिक्षण काशीस झाले. 1957 साली बी.एस्‌सी. होऊन ते इंग्लंडात केंब्रिजला गेले आणि 1959 साली तेथल्या गणिताच्या परीक्षेत पहिले आले. पुढे त्यांनी फ्रेड हॉयल नावाच्या नामांकित शास्त्रज्ञाच्या हाताखाली 1963 साली डॉक्टरेट मिळवली.

गुरु-शिष्यांनी मिळून 1964 साली गुरुत्वाकर्षणाचा एक नवा सिद्धांत मांडला. त्यांचे विश्वाविषयीचे मत असे होते की, विश्वाला आरंभ नाही. ते प्रसरण पावते आणि जागा वाढेल तसतसा नवा पदार्थ निर्माण होत जातो. दुसऱ्या पक्षाचे म्हणणे असे की, एका महास्फोटातून विश्व सुरू झाले. 1965 साली एक मोठा पुरावा सापडला आणि बहुतेक शास्त्रज्ञ दुसऱ्या बाजूस गेले. नारळीकर मात्र अखेरपर्यंत महास्फोटावर शंका विचारीत राहिले. विद्वानांच्या वादात निवाडा करण्याची माझी पात्रता नाही. मी एवढेच पाहते की, चार लोक म्हणतात म्हणून ह्या माणसाने मान डोलावली नाही. जे म्हणावयाचे ते गणित मांडून म्हटले, आणि उत्तरही गणितानेच मागितले.

1965 साली, वयाच्या अवघ्या 26व्या वर्षी, त्यांना पद्मभूषण मिळाले. 1972 साली ते परदेश सोडून मुंबईस टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आले. 1988 साली पुण्यास 'आयुका' ही खगोलशास्त्राची संस्था उभी राहिली, तिचे ते पहिले संचालक. 2004 साली पद्मविभूषण झाले. एवढ्या मोठ्या माणसास गोष्टी लिहिण्याची काय गरज पडली?

ती हकीकत मोठी गमतीची आहे. अहमदाबादेस शास्त्रज्ञांची एक परिषद चालू होती. कोणाचे तरी भाषण फार कंटाळवाणे झाले, तेव्हा नारळीकरांनी समोरच्या कागदावर गोष्ट लिहावयास घेतली! तिचे नाव 'कृष्णविवर'. मराठी विज्ञान परिषदेची विज्ञानकथांची स्पर्धा होती, तिला 1974 साली ती पाठवली. पण आपल्या नावाचा परीक्षकांवर दाब पडू नये म्हणून खाली नाव घातले 'नारायण विनायक जगताप'. आपलीच अद्याक्षरे त्यांनी उलटी केली. अक्षर ओळखू येऊ नये म्हणून गोष्ट पत्नीच्या हातून उतरवून घेतली. त्या जगतापांना पहिले बक्षीस मिळाले, मग खरा प्रकार उघडकीस आला.

भगिनींनो, ही अक्षर देणारी पत्नी म्हणजे मंगलाताई. ह्या साध्या लेखनिक नव्हत्या. माहेरच्या राजवाडे. मुंबई विद्यापीठात गणितात सुवर्णपदक मिळवलेल्या. 1966 साली लग्न झाले, संसार झाला, मुली झाल्या आणि त्यानंतर 1981 साली त्यांनी गणितात डॉक्टरेट घेतली. 'गणितगप्पा'सारखी पुस्तके लिहून मुलांची गणिताची भीती घालवली. 17 जुलै 2023 रोजी त्या वारल्या. आपल्याकडे थोर पुरुषाच्या चरित्रात पत्नीला 'मोलाची साथ' एवढे दोनच शब्द मिळतात. मंगलाताईंच्या बाबतीत ते फारच अपुरे पडतील.

मराठीत अशा अद्भुत कथा पूर्वी नव्हत्या असे नाही. भा. रा. भागवतांनी फ्रेंच लेखक ज्यूल व्हर्नच्या कादंबऱ्या मराठी मुलांच्या हाती दिल्याच होत्या. पण रोज आकाशाचे गणित करणारा माणूस स्वतःच गोष्ट सांगावयास बसला, हे नवे होते. त्यांचे गुरु हॉयल ह्यांनीही 1957 साली एका काळ्या ढगाची कादंबरी लिहिली होती. तेव्हा हा संस्कार गुरुघरचाच म्हणावा. पुढे नारळीकरांच्या 'यक्षांची देणगी', 'प्रेषित', 'वामन परत न आला', 'व्हायरस' अशा कथा-कादंबऱ्या निघाल्या. माझ्या अल्प बुद्धीस वाटते ते असे की, व्याख्यानाला जे येतात त्यांना विज्ञान आधीच आवडत असते. स्वयंपाकघरात बसलेल्या बाईपर्यंत पोहोचावयाचे तर गोष्टच पाहिजे. कीर्तनकार पूर्वरंगात तत्त्व सांगतात, पण आपण जाग्या होतो त्या उत्तररंगातल्या आख्यानाला!

आपल्या मराठवाड्यास जवळची वाटावी अशी त्यांची एक कथा आहे, 'गंगाधरपंतांचे पानिपत'. 1760 च्या फेब्रुवारीत सदाशिवरावभाऊंनी उदगीरला निजामास हरवले आणि तहात आपला दौलताबादचा किल्ला मराठ्यांना मिळाला. पुढच्याच महिन्यात आपल्या शेजारच्या जालना जिल्ह्यातील परतुराहून भाऊंची फौज उत्तरेकडे निघाली. 14 जानेवारी 1761 रोजी पानिपतावर विश्वासरावांना गोळी लागली आणि सर्वनाश झाला. आता ही गोळी चाटून गेली असती तर? कथेतले इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत एका अपघातानंतर अशा जगात जाऊन पडतात की, जेथे मराठ्यांनी पानिपत जिंकलेले आहे! त्या जगात सभेत अध्यक्षाची खुर्ची रिकामीच ठेवतात, कारण लोक भाषणांना कंटाळलेले असतात. हजाराव्या अध्यक्षपदाला निघालेले गंगाधरपंत खुर्ची रिकामी दिसताच धावत जाऊन बोलू लागतात आणि लोक त्यांची चांगलीच संभावना करतात. हे वाचताना मला आपल्या वर्धापनदिनाचे समारंभ आठवून हसू आवरेना. अध्यक्षीणबाईंनी राग मानू नये.

पुढे 2021 च्या डिसेंबरात नाशिकच्या 94व्या मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद नारळीकरांना मिळाले, पण प्रकृतीमुळे त्यांना तेथे जाता आले नाही. रिकाम्या खुर्चीची गोष्ट लिहिणाऱ्या लेखकाची स्वतःची खुर्चीही रिकामी राहिली. तेव्हा मात्र मला हसू आले नाही.

आता ज्या कथेने माझ्या घरात शिरकाव केला तिच्याकडे वळते. तिचे नाव 'धूमकेतू'. दत्त आडनावाचे एक बंगाली गृहस्थ निवृत्त झाल्यावर हौसेने दुर्बीण घेतात आणि त्यांना एक नवा धूमकेतू सापडतो. जगभर नाव होते. पण पत्नी इंद्राणीदेवींना काही हे रुचत नाही. धूमकेतू अशुभ, आणि त्याला आपल्या घरचे नाव लागले म्हणून त्या कष्टी होतात. पुढे तो पृथ्वीवर आदळेल असे गणित निघते. तिकडे देशोदेशीचे शास्त्रज्ञ आकडे मांडून त्याला बाजूस वळवण्याचा उपाय शोधतात आणि इकडे घरी यज्ञाची तयारी चालते.

लेकीने ग्रंथालयातून ते पुस्तक आणले होते. मी तांदूळ निवडीत होते आणि ती वाचून दाखवीत होती. खरे सांगते, मला राग आला. म्हटले, लेखक कितीही मोठा असला तरी पुरुषच. दुर्बीण पुरुषाच्या हाती आणि वेडेपणा बाईच्या पदरी! यज्ञ सांगणारे सगळे बापेच असतात की. लेक म्हणाली, "आई, तुझे म्हणणे खरे आहे. पण आपल्या घरात शांत कोण करते?" मी गप्प बसले.

त्याला कारण होते. आजवर मंडळात मी ही गोष्ट कोणास सांगितलेली नाही. माझ्या पत्रिकेत मंगळ आहे. 1997 साली मला स्थळे पाहू लागले, तेव्हा दोन ठिकाणची बोलणी त्यापायी मोडली. तिसऱ्या ठिकाणी उपाय निघाला कुंभविवाहाचा. म्हणजे आधी मुलीचे लग्न मातीच्या घटाशी लावावयाचे, घट फोडावयाचा आणि मग माणसाशी लावावयाचे. मी अठरा वर्षांची होते. पहाटे अंधारात, शेजारीपाजारी कळू नये म्हणून दार लोटून, माझे लग्न एका घटाशी लागले. वडिलांनी त्यासाठी उसने पैसे आणले होते. घट फुटला तेव्हा आई रडली. मी रडले नाही, पण पुढे कित्येक वर्षे घरात कोणी आजारी पडले की, वाटे, आपल्यामुळेच.

थोरल्या लेकीची पत्रिका केली तर तीतही मंगळ. ती बी.एस्‌सी. होऊन नोकरीस लागली, स्थळे येऊ लागली. एका चांगल्या घरून पत्रिका मागितली आणि माझ्या मनात पहिला विचार आला तो घटाचा! सासूबाईंनीही तेच सुचवले. रात्री लेक माझ्याजवळ येऊन बसली. भांडली नाही. एवढेच म्हणाली, "आई, इंद्राणीदेवी."

मग तिने मला दोन गोष्टी दाखवल्या. पहिला साधा हिशेब. पत्रिकेची घरे बारा. त्यांपैकी पहिल्या, चौथ्या, सातव्या, आठव्या आणि बाराव्या घरात मंगळ असला की दोष धरतात. म्हणजे बारापैकी पाच घरे! तर मग आपल्या मंडळातल्या दर बारा जणींत सुमारे पाच जणी मंगळाच्या निघावयाच्या. इतक्या जणी खरोखर घातकी असत्या तर गावे ओस पडली असती. सव्वीस-सत्तावीस वर्षे मी हा मंगळ वागवला, पण ही पाच घरे कधी मोजून पाहिली नव्हती.

दुसरी गोष्ट नारळीकरांच्या प्रयोगाची. 2008 साली त्यांनी संख्याशास्त्राचे प्राध्यापक सुधाकर कुंटे, अंधश्रद्धा निर्मूलनाचे नरेंद्र दाभोलकर आणि प्रकाश घाटपांडे ह्यांच्यासह पुण्यास एक चाचणी घेतली. शंभर हुशार आणि शंभर मतिमंद मुलांच्या पत्रिका जमवल्या. ज्योतिष्यांना प्रत्येकी 40 पत्रिका देऊन कोणती कोणाची ते सांगावयास सांगितले. 27 ज्योतिष्यांनी उत्तरे पाठवली. बरोबर किती? शंभरात 46. नाणे उडवून छापाकाटा केला असता तरी शंभरात पन्नास बरोबर आली असती. ह्या प्रयोगात त्यांनी कोणास शिवी दिली नाही की कोणाची चेष्टा केली नाही. तुम्ही म्हणता ते खरे असेल, तर या, मोजून पाहू, एवढेच म्हटले.

त्या रात्री मी यजमानांना सांगितले की, लेकीची पत्रिका मी कोणास देणार नाही. ते थोडा वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "तुझ्या घटाचे मला कधी पटले नव्हते, पण मी बोललो नाही." सासूबाई चार दिवस रुसल्या. ते स्थळ गेले. लेकीचे लग्न अजून ठरावयाचे आहे. सगळे गोड झाले असे मी खोटे लिहिणार नाही. पण घरात आता कोणाला ताप आला तर मी डॉक्टरकडे जाते आणि तो माझ्यामुळे आला असे मला वाटत नाही.

मंगळाची आणखी एक आठवण सांगते. 24 सप्टेंबर 2014 रोजी भारताचे यान मंगळाभोवती फिरू लागले. त्या वेळी वर्तमानपत्रात एक छायाचित्र आले होते. रेशमी साड्या नेसलेल्या, केसांत गजरे माळलेल्या इस्रोतील भगिनी एकमेकींना आनंदाने भेटत होत्या. अगदी आपल्यासारख्या दिसत होत्या. ज्या मंगळापायी माझे लग्न घटाशी लागले, त्याच मंगळाशी त्यांचा संबंध होता. किती निराळा संबंध!

नारळीकरांचे 'चार नगरांतले माझे विश्व' हे आत्मचरित्र लेकीच्या मदतीने मी वाचून काढले. त्याला 2014 साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. चार नगरे म्हणजे काशी, केंब्रिज, मुंबई आणि पुणे. मला मात्र त्यांची एक लहानशी सवय सर्वांत आवडली. मुले सही मागत, तेव्हा ते सही देत नसत. "पोस्टकार्डावर एक प्रश्न लिहून पाठव, उत्तर पाठवीन आणि त्याखाली सही करीन," असे सांगत. मोठ्या माणसाला नुसते पाहून घरी जाऊ नये, त्याला काही विचारावे, ही शिकवण त्यात आली.

असो. लेख लांबला. शेवटी एक विनंती. संक्रांतीच्या हळदीकुंकवास आपण दरवर्षी प्लास्टिकचे डबे आणि गाळण्या लुटतो. त्या बऱ्याच साठल्या आहेत. पुढच्या संक्रांतीस मंडळाच्या वर्गणीतून नारळीकरांच्या कथांची दहा पुस्तके घ्यावीत आणि ती आपसांत आळीपाळीने फिरवावीत. ज्या भगिनींना वाचावयास जड जाईल त्यांनी दुपारी आमच्याकडे यावे. लेक सुटीच्या दिवशी वाचून दाखवील, मी चहा करीन. आणि कोणा बहिणीच्या मुलीला मंगळ असेल तर तिने अवश्य यावे. पाच घरे कशी मोजावयाची ते आता मला येते.